चार फूट सात इंच

पाडायच्या आधी इमारत मोजावी लागते,
तेवढ्यापुरतं मला बोलावलं होतं.
माटुंगा, 'कोरल हाऊस', तळमजला अधिक तीन.
दाराशी संगमरवरी पाटी :
तारापोर, दिवेचा आणि कंपनी, सन १९३८.
अक्षरांतलं सोनं अर्धं सोललेलं.

खिडक्यांवर पापण्यांसारखे छज्जे,
जिन्याला गोल वळत जाणारा कठडा.
पायरी साडेसहा इंच, पाऊल अकरा.
नकाशाबरहुकूम. एक सूत इकडेतिकडे नाही.

फक्त दुसऱ्या-तिसऱ्याच्या मधल्या वळणावर
भिंतीतून एक दगडी फळी पुढे आलेली,
हातभर रुंद, चार बोटं जाड.
देवासाठी म्हणाल तर देव कधी बसला नव्हता,
कुंडीसाठी म्हणाल तर फार उंच.
टेप लावला : चार फूट सात इंच.

ओटा, कठडा, खिडकी, बाक,
सगळ्यांची मापं मला तोंडपाठ आहेत.
हा आकडा कुठल्याच पुस्तकात नाही.
मदतनीस पोरगा म्हणाला,
"मॅडम, 'उपयोग'च्या रकान्यात काय लिहू?"
"थांब," म्हटलं.

मूळ नकाशे सोसायटीच्या लोखंडी कपाटात,
पाणीपट्टीच्या पावत्यांखाली.
निळसर कापडावर काळी शाई, अजून ओली वाटावी अशी.
रेघ चुकली की ब्लेडने खरवडायची,
मग ती जागा नखाने घासून गुळगुळीत करायची,
हे मला कॉलेजात कुणी शिकवलं नव्हतं;
कापडावर बोट फिरवलं तेव्हा कळलं.
सबंध जिन्याच्या छेदात एकच खरवड.
फळी आधी तीन फुटांवर होती.
कुणीतरी ती तिथून उचलून वर नेली.
खाली कोपऱ्यात, तांदळाएवढ्या अक्षरांत :
आरेखन, य. भि. मोकल.
साहेबांची सही मात्र वीतभर.

साहेबांबद्दल पुष्कळ सापडलं.
लंडनची पदवी, रेसच्या घोड्यांचा नाद,
क्लबात सिमेंटच्या भवितव्यावर दिलेलं भाषण.
मोकलांबद्दल एक टेलिफोन नंबर.
विरारला मुलगा, तोही ऐंशीच्या पुढे.

"बाबा? बाबा कारकून होते हो फोर्टात.
बोटांना कायम शाई."
मी फळीचं सांगितलं. पलीकडे नुसता पंख्याचा आवाज.
मग म्हणाला,
"बाबांची आई भाजीची पाटी घेऊन हिंडायची,
दादर, माटुंगा, पार वडाळ्यापर्यंत.
मी नाही पाहिली. ठेंगणी होती म्हणे.
पाटी एकदा खाली ठेवली
की डोक्यावर चढवायला दुसरा माणूस लागतो ना,
म्हणून ती ठेवायचीच नाही. कितीही मजले असोत."

पुढे त्याला काही आठवेना.
मीही अंदाजच करतेय. असंही असेल
की ठेकेदाराकडे एक लादी उरली होती.
साहेबांनी विचारलं असेल का, मोकल, ये क्या है?
की घोडे पळायची वेळ झाली होती
आणि सही करताना दिसलंच नाही?

शनिवारी परत गेले, टेप न घेता.
फळीसमोर मान ताठ धरून उभी राहिले,
गुडघे वाकवले. मी पाच फूट चार,
मला फार खाली जावं लागलं.

तेवढ्यात खालून पाण्याचा जार खांद्यावर घेऊन
एक मुलगा आला. माझ्याकडे न बघता,
फळीकडेही न बघता
जार खांद्यावरून आडवा सरकवला, टेकवला.
दोन्ही हात मोकळे करून तोंड पुसलं.
"पाडणार ना ही?"
"हो."
"नवीनमध्ये लिफ्ट असेल."
"दोन."
त्याने जार पुन्हा खांद्यावर घेतला,
नुसता एक पाऊल बाजूला सरून.
चार पायऱ्या चढला, थांबला.
"आम्हाला चालेल ना ती?"

रकाना अजून कोराच आहे.
तक्ता सोमवारी द्यायचाय.