शिवणीला आलेलं पुस्तक

वाचनालयातून चिलवेरी मास्तरांनी पाठवलेल्या
बावीस पुस्तकांत हे एक, पाठ मोडलेलं,
खळ झुरळांनी चाटून साफ केलेली.
बांधणारीनं वाचायचं नसतं. पानांचे आकडे मोजायचे,
दोरा ओवायचा, कडा कातरायच्या.
पण मोजतामोजताच अडकले:
येख, दुई, त्रिन, श्तार, पांज.

कुठल्याशा थंड देशात, घोड्याला खरारा करत
कुणी बाई पोरांना हे शिकवते, म्हणे.
पुस्तक सांगतं, ही माणसं हजार वर्षांमागं
इकडूनच निघाली. इकडून म्हणजे नेमकं कुठून
यावर विद्वानांचं भांडण, आणि तळटीपा
मजकुरापेक्षा लांब.

पाण्याला ते पानीच म्हणतात. नाकाला नाक, कानाला कान.
मास्तरांना फोन लावला.
ते म्हणाले, "गुलछडीबाई, नाक-कान सगळ्यांनाच असतात."
मग जरा थांबून, "आमच्यात मुक्कू म्हणतात."
हसलो दोघं.
माणसाला ते मानुष म्हणतात, हे सांगायचं राहिलं.

अकराव्या फर्म्यात हजेरी आहे.
गाव बदललं की पोलिसात नोंद, बोटांचे ठसे,
चाकावरच्या घरांना वेशीबाहेरची जागा.
पुढं तार. तारेच्या आत
हातावर गोंदलेला आकडा.

तार म्हटलं की आमच्या वस्तीत
कुणाला वाळत घातलेले कपडे आठवत नाहीत.
सेटलमेंटची तार. माझा बाप, लालमन गागडे,
तिच्या आत जन्मला. पायावर उभा राहायच्या आधी
रजिस्टरात गुन्हेगार म्हणून उभा.
मिलचा भोंगा झाला की पास दाखवून बाहेर,
पाळी सुटली की पास दाखवून आत,
रात्री पुन्हा हजेरी.
तार गेली, मिलही बंद पडली, तरी म्हातारपणी
झोपेत कुणी नाव घेतलं की
"हाय, सायब" म्हणत उठून बसायचा.

पण त्याला जाळलं नाही कुणी.
एवढा फरक मी बोटाखाली धरून ठेवलाय,
पान उलटताना सुटू नये म्हणून.

बारावा फर्मा नाहीच.
एकशे शहात्तरनंतर थेट एकशे त्र्याण्णव,
आणि तिथं ती माणसं परत
भांडतायत, व्हायोलिन वाजवतायत, पोरीचं लग्न ठरवतायत.
मधल्या सोळा पानांत कोण गेलं, कोण उरलं,
मला कळायला मार्ग नाही.
धंद्याचा नियम असा: हरवल्या पानांच्या जागी
तेवढीच कोरी पानं घालायची.
घातली.

पाठीला आतून चिकटवायला रद्दी लागते,
जाड, जुनी, चिंध्यांच्या लगद्याची असली तर उत्तम.
बापाच्या ट्रंकेत पास होता. चार घड्यांचा,
अंगठ्याचा ठसा अजून जांभळा.
मुलगा म्हणतो, लॅमिनेट करून भिंतीला लाव.
भिंतीला लावून काय? आला-गेला प्रत्येक जण
बापाला पुन्हा तपासणार.

खळीत मोरचूद घातला, आता झुरळं येणार नाहीत.
चादरीच्या कारखान्यातला दोरा, पीळदार, मेण लावलेला.
पास उलटा बसवला, अक्षरं शिवणीकडं तोंड करून,
हाडाच्या पट्टीनं दाबत गेले
हळूच, जसं पाय चेपतात.
वर पुठ्ठा, त्यावर निळं कापड.
पुस्तक पुन्हा कधी फाटलं
तरच कुणाला दिसेल, ह्या पाठीत कोण आहे.

मास्तरांनी उघडलं, मिटलं, तळहातावर तोललं.
"पाठ जरा जाड झालीय."
"हो."
"टिकेल ना?"
मी बिल लिहीत होते. बांधणी ऐंशी रुपये.
कोरी पानं सोळा,
त्यांचे पैसे लावले नाहीत.