समच्छेद

फोगाऱ्याचं पाणी जमिनीखालून येतं, आंधळं,
दीड कोस भुयारातून,
आणि उजेडात आल्यावर पहिल्यांदा भेटतो त्याला
दगडाचा कंगवा.
कंगव्याच्या दातांमधून ते घराघराचं होतं.
कुणाचं किती, हे बा हामू मोजतो
तांब्याच्या एका पत्र्यावर.
पत्र्याला चोवीस छेद, ज्वारीच्या दाण्याएवढे,
ओल्या मातीने बुजवलेले.

माझ्या भाषेत भोकाला छेद म्हणतात
आणि अपूर्णांकाच्या रेघेखाली बसतो त्यालाही.
हे बा हामूला सांगावंसं फार वाटलं.
पण दुभाषा चहा आणायला गेला होता.

आज मसऊदाची वाटणी.
बापाकडून आलेली धारेची तिजाई,
नवरा वारला, त्याची चौथाई,
आणि शेजारच्या ताहारला, खजुराच्या दोन कोवळ्या रोपांसाठी,
आठवा हिस्सा द्यायचा तिने शब्द दिलाय.
कागद नाही. शब्द.

इद्दर, शिकाऊ पोर, वाळूत बोटाने लिहितो:
वर एक आणि एक, दोन.
खाली तीन आणि चार, सात.
"सातातले दोन," म्हणतो,
आणि शाबासकीसाठी मान वर करतो.

मसऊदा शाळेत गेलेली नाही.
ती म्हणते, "नुसतं बापाचं पाणी होतं
तेव्हा माझा हौद दुपारच्या नमाजाला भरायचा.
आता नवऱ्याचं त्यात घातलंस
तर उशिरा भरणार का रे?"

वाळूतला आकडा एकदम केविलवाणा दिसतो.

बा हामू तोंडातली खजुराची बी काढतो,
चिमटीत धरून बघत बसतो.
"तिजाई आणि चौथाई अजून भेटल्याच नाहीत, पोरा.
एक एका मापात बोलते, दुसरी दुसऱ्या.
आधी दोघींना एका ओट्यावर आण."
तीन आणि चार बारावर भेटतात.
ताहारचा आठवा बारात मावत नाही.
म्हणून चोवीस,
म्हणून हा पत्रा त्याच्या आज्याच्याही आधीचा.

तिजाईचे आठ छेद. चौथाईचे सहा.
चौदा.
ताहारचे तीन गेले. अकरा.
इद्दर दाभणाने माती टोकरतो,
प्रत्येक भोकाशी ओठ हलवत,
एकदा विसरतो, पहिल्यापासून मोजतो.

अकरा बारीक धारा पडू लागतात.
पाणी पत्र्यामागे चढतं, चढतं,
आणि रेघेच्या बोटभर खाली थांबतं.

आम्ही थांबतो. पाणीही.

हिशेब बरोबर आहे. बा हामू तो पुन्हा करतो,
मग तिसऱ्यांदा, बोटांच्या पेरांवर.
डांबरी रस्त्याच्या अंगाला
नव्या विंधनविहिरीचा पंप सकाळपासून घरघरतोय;
इथे बसलं की तो घशात ऐकू येतो.
"चोविसातले अकरा," इद्दर हळू विचारतो,
"पण कशाच्या चोविसातले?"

ह्यावर बा हामू काही बोलत नाही.
चहा येतो. थंड होतो.
मसऊदा ओढणीचं टोक कमरेला खोचते,
वाकून आपल्या हाताने
मातीचा एक गोळा मळते,
आपल्या अकरांतला एक छेद बुजवते.
पाणी रेघेकडे किंचित सरकतं.
"उद्याचं उद्या बघू," म्हणते,
"ताहारचे तीन पुरे उघड.
रोपं लहान आहेत."