सहावा भाग, डावीकडून

वैजूनं काढलेल्या मालिकेचा सहावा भाग
आज कुरियरनं आला.
चष्मा सापडला, आणि मी तो सवयीनं उघडला,
पंचांग उघडतो तसा, पासबुक उघडतो तसा,
डावीकडून.

पाच वेळा बजावलंय तिनं: बाबा, उजवीकडून.
जपानी रीत आहे, मी तीच शिकले.
पण हजिऱ्यातल्या या दोन खोल्यांत
सगळंच डावीकडून सुरू होतं.
जिना, नळ, शेजारच्या तोमरांची भांडणं.

तर पहिल्याच पानावर, म्हणजे तिच्या हिशोबानं शेवटच्या,
लष्कर नाही.
किल्ल्याचा खडक आहे, आणि खाली
महाराज बाड्याच्या जागी एक गोल खड्डा,
इतका काळा भरलेला
की मी बोट लावून शाई वाळलीय का पाहिलं.

साल दोन हजार अठ्ठ्याऐंशी.
दारं मनानं उघडतात, नळ मनानं.
ज्यांची मनं चालत नाहीत ते पडाव पुलाखाली,
मनगटावर ठसा मारून.
नायिका इमली. चौदा वर्षांची, एका कानानं बहिरी.
तानसेनच्या कबरीजवळच्या चिंचेचं पान
लोक गळ्यासाठी चघळतात. हिनं चघळलं,
आणि वाचा गेली.
मग अख्खं शहर तिच्या डोक्यात बोलू लागलं,
एकदम, रात्रंदिवस, बंद करायचं बटण नाही.
मी म्हटलं होतं, सरळ चिंच नाव ठेव ना.
म्हणाली, बाबा, चिंचेला कोण घाबरतं?

पान उलटलं.
धूळ खाली बसत खड्ड्यात गेली, आणि खड्डा मिटला.
मनोरे आपापल्या पायांवर उभे राहिले.
ड्रोननं गोळी परत घेतली.
पुलाखाली मेलेला म्हातारा उठून बसला,
त्याच्या हातात कुणी चहा दिला.
इमलीच्या नाकातून आलेलं रक्त
शिस्तीत आत गेलं.
फुग्यांमध्ये उत्तरं आधी येत होती, प्रश्न मागून.
मला त्याचं काही वाटलं नाही.
आमच्या गेटवर नोटीस अशीच लागली होती.

मधल्या जोडपानावर मात्र थांबलो.

मनं वाचणाऱ्या पोरांना डांबायची जागा म्हणून
तिनं आमचं विव्हिंग खातं काढलंय.
करवतीसारखं छप्पर, त्यातली फुटकी काच
तिसऱ्या रांगेतली. चौदा नंबरचा खांब.
खांबावर खिळा, डोकं मोडलेला,
ज्याला मी एकोणीस वर्षं सदरा अडकवला.
खिळ्याला सदरा आहे.

मिल बंद पडली तेव्हा वैजू पाच वर्षांची.
आत कधी नेलं नव्हतं तिला.
नंतर थकबाकीची फाइल घेऊन जायचो तेव्हा
ती गेटबाहेर खडूचे तुकडे वेचायची, बस.
आणि खिळ्याचं मी कुणाला सांगितलेलं नाही.
खिळ्याचं काय सांगणार?

फोन लावला.
"सदरा कुठून काढलास?"
"कुठला?"
"जोडपानावरचा."
मागे तिच्याकडे कुकरची शिट्टी झाली, मग दुसरी.
"बाबा, तुम्ही झोपेत बोलायचात.
अकरा वर्षं.
आई म्हणायची, कूस बदल, ऐकू नकोस."
"मग?"
"मग काय. कूस बदलायचे."

पुढची पानं हळू उलटली.
शेवटच्या पानावर, म्हणजे पहिल्या,
सकाळचे सहा. भोंग्याचा आवाज तिनं
अक्षरांनी लिहिलाय, पानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत,
आणि त्या अक्षरांखालून माणसं डबे घेऊन
गेटात शिरतायत, पाठमोरी.
एकाची चाल ओळखीची वाटली, पण असेल कुणाचीही.
कोपऱ्यात इमली, हातात पान,
तोंडाजवळ नेलेलं.

आता नीट, उजवीकडून वाचायला हवं.
पण दूध उतू चाललं होतं.
उठलो, गॅस बंद केला,
हातानं.