लिंबू-चमचा

येळ्ळूरच्या मैदानावर साखळी होती आमची.
डावा हात दीक्षाच्या मुठीत,
उजव्यात निपाणीच्या चढाईवालीचा घोटा.
ती मधल्या रेषेकडे झेपावली.
दीक्षानं सोडलं नाही, मी सोडलं नाही.
सोडलं ते खांद्यानं.

आवाज मोठा झाला नाही.
ओल्या शेंगेचं टरफल फुटावं एवढाच.
मग हात कुणाचा तरी झाला,
विसरून गेलेल्या पिशवीसारखा
बाजूला लोंबत राहिला.
मरगाळे सरांनी बगलेत टाच रोवली,
मनगट धरलं, ओढलं.
खट्.
"बसला बघ. आमच्या वेळी असंच करायचो की."
टाळ्या पडल्या. गुण निपाणीला गेला.

त्यानंतर चारदा निसटला.
एकदा वेणी घालताना,
एकदा खानापूरच्या बसमध्ये, वरचा दांडा धरून,
एकदा झोपेत, कुशीवर वळताना,
आणि एकदा कशानंच नाही.

टिळकवाडीत शिवलीला मॅडमच्या खोलीत
सांगाडा टांगलाय, हाडांची नावं कन्नडमध्ये.
त्यांचं मराठी माझ्या कन्नडएवढंच, अर्धं.
"शाळेत लिंबू-चमचा पळालीस ना गे?
हा चमचा. हे लिंबू.
खुब्याला देवानं उखळ दिलं. खांद्याला एवढुसा चमचा.
सगळीकडं वळतो, म्हणून कुठूनही पडतो.
चमच्याची कड फाटलीय तुझी."
ओढल्यामुळं फाटली काय, मी विचारलं.
त्या जरा थांबल्या.
"ओढायच्या आधी फोटो काढायचा असतो."
सर दाराशी वाकून
पायातच असलेली चप्पल शोधत होते.

बाकावर कडोलीचा रुमान, वय सतरा, वेगवान गोलंदाज.
तीन संघांकडून खेळतो, खांदा एकच.
कंग्राळीचा नागोजी, मातीतला,
गुडघ्यात पाणी, कानाची पुरी झालेली.
दर सोमवारी म्हणतो, "मुरगळलंय नुसतं,"
आणि दर सोमवारी येतो.
इथं कुणी कुणाला पदकं विचारत नाही.
"किती अंश वळला?" विचारतात,
आणि पाच वाढले असले तर
बिस्किटाचा पुडा फुटतो.

खिडकीच्या गजाला रबरी पट्टी.
कोपर कमरेला चिकटवून बाहेर ओढायची.
ओंदु. एरडु. मूरु.
शाळेत दहा वर्षं न चढलेलं कन्नड
सहा आठवड्यांत दुखण्यानं चढवलं.
नाल्कु. ऐदु.
"दुखूलालंय काय?"
दुखूलालंय.
"ओढल्यासारखं, का सुरी मारल्यासारखं?"
दुखण्यातही जाती असतात, हे तिथं कळलं.
ओढल्यासारखं चालतं. सुरीला थांबायचं.
हत्तुला पट्टी सैल होते.
हत्तुइतका गोड शब्द मला अजून भेटला नाही.

बेंदराच्या आदल्या सांजेला
आबा खांदेमळणीला बसले.
हळद, तूप, कोमट पाणी,
जुवानं घट्टा पडलेली जागा
बोटांनी वाचल्यागत चोळत राहिले.
वाटीत उरलेलं माझ्याकडं सरकवलं, न बघता.
"उद्या त्यांना जू नाही. तुला?"
सहा महिने.
"मग बैलापरीस बरं आहे की."
पुढं काही बोलले नाहीत,
पण दुसऱ्या दिवशी घागर त्यांनीच उचलली.

आता भिंत.
भिंतीवर बोटांनी चढायचं, मुंगीच्या चालीनं,
अडेल तिथं पेन्सिलीची रेघ.
काल सर शेजारी येऊन उभे राहिले.
इतकी वर्षं मैदानावर बघत आले,
शिट्टी उजव्या हातात, गुण दाखवायला वर जायचा डावा.
काल कळलं, उजवा कानाच्या वर जातच नाही.
"कधीपासून, सर?"
"पंच्याण्णव. संकेश्वरात.
बसवला होता कुणीतरी. असाच."
बाहेर रिक्षा वाजत होती. नागोजी उगाच खोकला.

भिंतीवर आता दोन रेघा,
सरांची माझ्याखाली, वीतभर.
त्यांनी पुन्हा बोटं टेकली,
नखात अजून मैदानाचा चुना.
मी मोजायला लागले.
ओंदु.