सेवाखंड

व्हर्ना, पहिल्याच दिवशी तुला सांगितलं होतं,
हे कोर्ट बरोबर काय ते विचारणार नाही.
न्यायाधिकरणाने जे ठरवलं
ते ठरवता येण्यासारखं होतं का, एवढंच बघेल.
तू जरा थांबून म्हणालीस,
म्हणजे मासा किती वर्षांचा ते नाही बघायचं,
मोजणाऱ्याने भिंग नीट लावलं होतं का, तेवढंच?
मी म्हटलं, जवळपास तसंच.

अकरा नेमणूकपत्रं तुझी, सगळी तात्पुरती.
एक चार महिन्यांचं, एक नऊ आठवड्यांचं,
एक तर बरोबर नाताळच्या आदल्या दिवशी संपणारं.
सेंट जॉन्समधली ती तळघरातली प्रयोगशाळा,
खिडकीतून फक्त गाड्यांची चाकं दिसायची
आणि मार्चमध्ये तीही नाहीत.
तिथे बसून तू सॅमनचे खवले वाचायचीस.

मलाही बसवलंस एकदा भिंगापाशी.
नखाएवढा खवला, आत वर्तुळामागून वर्तुळ,
उन्हाळ्यातली ऐसपैस,
हिवाळ्यातली एकमेकींना चिकटलेली.
"इथे उपाशी होता," तू म्हणालीस.
मग माझ्याकडे न बघता,
"पण होता."

तीन वर्षं सलग भरली की कायम करायचं, असा नियम.
तुझी भरत आली आणि मध्ये सदुसष्ट दिवस रिकामे निघाले.
सेवाखंड. मोजणी पुन्हा एकपासून.

त्या सदुसष्ट दिवसांत
तुझ्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर चारशे बारा पाकिटं होती
आणि ड्वेनचं शाळेतलं मायक्रोस्कोप,
ज्याचा आरसा च्युइंगमने चिकटवला होता.
बंगी साहेबांचा ईमेल होता:
अहवाल अडलाय, जमेल तसं बघशील का?
तुझं उत्तर एका शब्दाचं: बघते.
पगार नाही, हजेरी नाही,
टेबलावर जेवायला जागा नाही.

न्यायाधिकरणाचा निकाल एकतीस पानांचा.
गाडीत बसून दोनदा वाचला मी, वायपर चालू ठेवून.
ईमेलवर विश्वास ठेवला नाही, असं नव्हतं.
ईमेल कुठेच नव्हता.

धुक्यामुळे न्यायाधीशबाईंचं विमान उशिरा उतरलं.
तू चार तास हातमोजे धरून बसलीस,
घातले नाहीस, पर्समध्येही ठेवले नाहीस.
सरकारी वकील, कोवळा, सभ्य पोरगा,
म्हणाला, प्रश्न सहानुभूतीचा नाही.
मी उठून म्हटलं, मान्य. प्रश्न वाचण्याचा आहे.

पाच महिन्यांनी फोन केला तुला. जिंकलो.
तू म्हणालीस, मग सोमवारी जाऊ?

नाही, व्हर्ना.
जुना निर्णय रद्द झालाय,
त्याच्या जागी नवा ठेवणं हे त्या कोर्टाचं काम नाही.
प्रकरण परत खाली, दुसऱ्या सदस्यापुढे, नव्याने.
त्याने ईमेल वाचायचा.
वाचून पुन्हा तेच ठरवलं
आणि कारणं धड दिली, तर तेही चालेल.
चार वर्षं भिजत पडलेलं घोंगडं
आम्ही वर काढलं, पिळलं,
आणि पुन्हा त्याच पाण्यात सोडलं.

"तोपर्यंत मी कोण?"
मी खरंच नियमावली उघडली, फोन कानाला धरून.
हंगामी आहे, कायम आहे, मुदतबाह्य आहे.
तू हसलीस बहुतेक. म्हणालीस,
ओव्हनमध्ये पाव आहे, जाते.

रात्री फाईल पुन्हा लावायला घेतली.
पान दोनशे चौदा, कधी नीट पाहिलंच नव्हतं मी:
पाकिटाची झेरॉक्स, पेन्सिलीतलं तुझं अक्षर.
मासा क्रमांक ३८८. समुद्रात दोन हिवाळे.
दुसरा कठीण.
खाली तारीख.
बोटांवर मोजली.
खंडाचा एकेचाळिसावा दिवस.