ओठ न मिटता

नोंदणी कचेरीतल्या आदेरितोने
चष्मा कपाळावर चढवला.
"हे नाव लिहून मला एकोणीस वर्षं झाली," म्हणाला.
"या महिन्यात सात लेओनोर. पाच मातिल्दे.
पक्कं ना?"
मी म्हटलं, थांबा जरा.

इरीया.
ग्रीकांकडून आलेलं. म्हणजे शांतता.
येताना मधला न वाटेत कुठेतरी सांडला.
आमच्याकडे न असाच सांडतो,
चंद्राच्या नावातूनही सांडलाय,
कुणी वाकून उचलला नाही.

पण आमच्या भाषेत तेच एक क्रियापदही आहे.
इरीया: गेली असती.
कुठे, कशी, कुणाबरोबर, काही नाही.
अर्धं वाक्य,
ज्याच्या आधीचं 'जर'
दुसऱ्याच कुणाच्या तोंडी असतं.

माझी आत्या इरीया.
तिच्या तरुणपणी लोक चोरवाटेने डोंगर ओलांडून
फ्रान्सला जायचे, आणि रीत अशी:
आपला फोटो फाडायचा,
अर्धा घरी, अर्धा खिशात.
पोचलात की खिशातला पोस्टाने परत.
कडा जुळल्या, तरच घरचे
वाटाड्याचे उरलेले पैसे द्यायचे.

आत्याने फाडला. नाकाच्या डावीकडून, जरा तिरका.
रविवारी निघायचं होतं.
शुक्रवारी माझ्या बापाला
गिनीतल्या लढाईचं बोलावणं आलं,
आणि आजोबांना तेव्हा दिसत नव्हतं,
आणि ऑलिव्ह उतरवायचे होते.

दोन्ही अर्धे आता एकाच खणात आहेत,
बटणांच्या डब्याखाली.
कडा अजून जुळतात.
मी जुळवून पाहिल्यात, ती घरी नसताना.

संत इरीया तरी गेली.
मारून पाण्यात टाकलेली, म्हणतात,
आमच्या दारासमोरच्या झेझेरमधून तेजोत,
तेजोतून खाली सान्तारेंपर्यंत.
पण तिला तरी कुणी विचारलं होतं?

आदल्या संध्याकाळी मी आत्याला विचारलं,
तुझं नाव ठेवू का हिला?
ती चादरी वाळत घालत होती,
दातांत तीन चिमटे.
चिमटे न काढता म्हणाली, "इरीया."
स्पष्ट. पलीकडच्या काठावरचा कुत्रा उठून बसला.
मग चिमटे हातात घेतले.
"बघ, ओठ लागतच नाहीत.
थंडीने फुटलेले असोत, तोंडात घास असो,
हाक जाते.
तुझं घेऊन बघ."
मी एक चिमटा दातांत धरला आणि म्हटलं,
फेलिस्मिना.
चिमटा चिखलात पडला.
इतकी हसली, की कमरेला हात लावून वाकली.

आणि ते दुसरं? मी म्हटलं. गेली असती?

"त्या चादरीचं टोक धर," म्हणाली,
"लोळतंय खाली."

लिहा, मी आदेरितोला म्हटलं.
माझा नवरा देलियो मागे उभा,
हातात एक मोजा, दुसरा बसमध्ये राहिलेला.
आदेरितोने वळणदार लिहिलं, सावकाश,
आणि त्या एकुलत्या एका टिंबावर
पेन जरा जास्तच दाबलं.
मागच्या पानावर उठलं असणार.

आता चार महिने झालेत.
दुपारी मी दारातून हाक मारते,
आणि अंगणात दोन डोकी वर होतात:
एक वेताच्या खुर्चीतलं, चौऱ्याऐंशी वर्षांचं,
एक तिच्या मांडीवरचं, अजून नीट न सावरणारं.
दोघींना वाटतं, आपल्यालाच.
बाळाच्या मुठीत कागदाचा एक तुकडा होता काल,
ओला, चघळलेला.
मी मूठ उघडायला गेले
तर आत्या म्हणाली, राहू दे.

सूप निवत होतं.
मी पुन्हा हाक मारली.