चिठ्ठीतली दुसरी ओळ

पहिली ओळ कॅल्शियमची, ती कुणीही वाचेल.
तिसरी पोटाची.
दुसरीसाठी चष्मा दोनदा पुसला.
'प'पासून निघालेलं नाव
सुरतेच्या डॉक्टरच्या घाईत मधेच बुडालेलं
आणि शेवटी 'मिन' म्हणून वर आलेलं, दम लागल्यासारखं.

पायरिडोस्टिग्मिन.
धुळ्याच्या होलसेलवाल्यानं फोनवर तीनदा म्हणवून घेतलं,
मग विचारलं, शेठ, नंदुरबारात हे खातं कोण?

सुपडाबाई खाते.
मिरचीच्या पथारीवर बसून देठं खुडते ती,
लाल रंगात कमरेपर्यंत.
डाव्या पापणीनं आधी काम सोडलं.
बायका म्हणाल्या, मिरचीचा हात लागला असेल.
दुधाचा बोळा ठेवला, एरंडेल घातलं.
मुकादम म्हणाला, झोपते.
मुकादमाचा भाचा म्हणाला, डोळा मारते.
सकाळी डोळे टक्क उघडे,
तीनच्या सुमारास शटर निम्म्यावर.
मग ती हनुवटी उचलून बघायची,
पापणीखाली उरलेल्या फटीतून,
आणि लोक म्हणायचे, ताठा बघा हिचा.
भाकर चावता चावता जबडा थकायचा.
हसू निघायचं, दातांशी येऊन थांबायचं.

मी तिला समजावलं, काउंटरवर बोट टेकवून:
नस हाक मारते, स्नायू उठतो.
तुझ्या स्नायूच्या दाराशी हाक घेणारे कमी झालेत,
आणि हाक पुसून टाकणारा एक आहे, फार तत्पर.
ही गोळी त्याचा हात धरून ठेवते.
हाक जरा रेंगाळते, एवढंच.
बरं करत नाही. वेळ देते.
तीन तास, फार तर चार.
जेवणाआधी घे, म्हणजे घास गिळायला बळ राहील.

ती म्हणाली, नावना अर्थ काय शे?

आजवर कुणी विचारलं नव्हतं.
क्रोसिनचाही नाही.
रात्री शिरपूरच्या दिवसांतलं पुस्तक काढलं, सुट्या पानांचं.
पायरिडो म्हणजे एक रिंगण,
पाच कार्बन हात धरून उभे, सहावा नायट्रोजन.
स्टिग्मिन मात्र आलं एका वेलीच्या बीवरून.
आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्याकडे
ज्याच्यावर आळ यायचा, चेटकाचा म्हणा, कशाचाही,
त्याला ती बी वाटून पाजायचे.
ओकला तर निर्दोष.
नाही ओकला, तर न्याय झालाच.
त्या विषावरून माणसं शिकली
आणि शिकताना नावाचा तुकडा तसाच राहिला.
फुलात स्टिग्मा म्हणजे कुक्षी, जिथं पराग टेकतो.
फुलाबाहेर स्टिग्मा म्हणजे डाग.

डागाचं मी तिला सांगितलं नाही.
बीचं सांगितलं.
ती गोळी तळहातावर घेऊन बराच वेळ बघत राहिली.
मग म्हणाली,
मन्हं नाव बी औषधनंच शे, शेठ.
मना पहिले तीन गयात.
माले सुपडामा टाकं, केरनामायक.
मरणले वाटनं, हाई काय लेवानं.
मी जगी गऊ.

आता तिसऱ्या कप्प्यावर चिकटपट्टी आहे, 'सुपडा' लिहिलेली.
नोकर पोऱ्याला ते दुसरं नाव येत नाही.
परवा तळोद्याहून एक मास्तर आला,
बोलता बोलता नाकात जाणारा आवाज,
हातात तशीच चिठ्ठी.
पोऱ्या आतून ओरडला, सुपडा किती पट्ट्या देऊ?
मास्तर माझ्याकडे बघू लागला.
सांगतो, म्हटलं. बसा.

शुक्रवारी माल आला नाही.
अकरा गोळ्या उरल्या होत्या, मोजल्या.
तिला सहा, मास्तराला पाच,
या हिशोबाला कुठल्या पुस्तकात पान नाही.
तीन वाजता ती आली, हनुवटी वर.
माठातलं पाणी दिलं.
ती बाकावर बसली, मी बिलं लावत राहिलो.
पंखा फिरत होता. बाहेर ट्रकमधून मिरचीचा ठसका आला,
दोघंही शिंकलो.
अर्ध्या तासानं डावी पापणी हलली,
थोडी, मग आणखी थोडी.
तिनं मला नीट पाहिलं, वरपासून खालपर्यंत.

शेठ, म्हणाली,
तुमना शर्टनं बटन तुटेल शे.